एल्सफोर्टचा वेसकर

एल्सफोर्ट स्वतःला शहर म्हणवतं. म्हणवू दे बापडं. साडेसात हजार माणसं, एक चर्च, एक चौक, चौकात लोखंडी दांड्याचा जुना पंप आणि पंपासमोर ते वजनघर, जिथं एकेकाळी लोणी आणि चीज तोलायचे. युट्रेख्टहून वीस मिनिटं ट्रेन, मग पंचवीस मिनिटं बस, आणि रविवारी ती बसही तासातून एकदाच येते. पण १३७५ साली कुणा सरंजामदारानं इथं शनिवारचा बाजार भरवायची सनद दिली, म्हणून हे शहर! ती सनद वजनघरात काचेखाली ठेवलेली आहे. गावातला प्रत्येक माणूस घरी आलेल्या पाहुण्याला कॉफी पाजून झाली की ती दाखवायला घेऊन जातो. पाहुणा बिचारा काय करणार, मान डोलावतो.

आणि बाजार म्हणाल तर नऊ गाड्या. चीजच्या दोन, मासळीची एक, फुलांच्या दोन, भाजीची एक, ब्रेडची एक, मोबाइलची कव्हरं विकणारा एक आणि उरलेल्या गाडीवर बायकांचे लोकरी मोजे. साडेसहाशे वर्षांच्या परंपरेचं हे एवढंच उरलेलं. समताच्या माहेरी, बुलढाण्याकडच्या तिच्या गावी, नुसत्या मिरच्यांच्या रांगेत याच्या तिप्पट माणसं बसत असत आणि त्याचं कुणाला काही वाटत नसे. इथं मात्र शनिवारी सकाळी मासळीच्या गाडीपुढं चार माणसं उभी राहिली की गावच्या फेसबुक पानावर फोटो येतो, ‘आमचा गजबजलेला बाजार’.

या सगळ्याला नाक मुरडत समता रामटेके गेली अकरा वर्षं एल्सफोर्टमध्ये राहत होती. शेहेचाळीस वर्षांची बाई, युट्रेख्टच्या एका विमा कंपनीत डेटा इंजिनिअर, बोलायला फटकळ. गावातल्या लोकांची तिनं मनात एक भलीमोठी यादी करून ठेवली होती. पडदे उघडे टाकून बसतात, म्हणजे जाणाऱ्या-येणाऱ्याला आपला सोफा दिसावा. कुणाकडे जायचं तर तीन आठवडे आधी डायरी काढायची. कॉफीबरोबर बिस्किटांचा डबा फिरवतात, तुम्ही एक बिस्किट घेतलं की झाकण लावून डबा कपाटात! आणि सगळ्यात कहर म्हणजे वाढदिवसांचं कॅलेंडर. नातेवाईक, शेजारी, मित्र, सगळ्यांची नावं त्यात लिहायची आणि ते टांगायचं कुठं, तर संडासात. बसल्या बसल्या आठवण राहते म्हणे. तिच्याही घरी एक होतं, कारण लेक ईशानीनं आठव्या वर्षी हट्ट करून आणलं होतं. त्यात सगळी तिच्या मैत्रिणींची नावं.

मग राहायचं कशाला असल्या गावात? त्याचं कारण समता कुणाला सांगत नसे.

नेदरलँड्समध्ये आल्यावर पहिली पाच वर्षं ती, नवरा राजानंद आणि लहानगी ईशानी अ‍ॅमस्टेलव्हीनला राहिले. तिथं आपली माणसं भरपूर, आपली दुकानं, गणपती, दिवाळी, सगळं. आणि आपली माणसं म्हटली की आपले प्रश्नही आलेच. शेजारच्या इमारतीत मालिनीताई म्हणून पुण्याच्या एक बाई होत्या. पहिल्याच भेटीत, चहा अजून उकळतोय तोवर त्यांनी विचारलं, “रामटेके म्हणजे मूळचे कुठले गं?” समता म्हणाली, “विदर्भातले.” “ते कळलं गं,” मालिनीताई गोड हसून म्हणाल्या, “पण म्हणजे... कोण?” समतानं सांगितलं, आम्ही बौद्ध. “अच्छा अच्छा,” मालिनीताई म्हणाल्या, “आम्ही काही मानत नाही हं तसलं.” आणि पुढच्या हळदीकुंकवाचं बोलावणं आलं नाही. भांडण नाही, वाकडा शब्द नाही, अगदी स्वच्छ काम. असं तीन-चार ठिकाणी झाल्यावर समताच्या डोक्यात तिडीक गेली आणि तिनं घर शोधताना राजानंदला एकच अट घातली, आपलं आडनाव वाचून ज्याला काही कळेल असा एकही माणूस दहा किलोमीटरच्या आत नको.

एल्सफोर्टला ते कुणाला कळत नव्हतं. टपालवाला ‘राम-टे-के’ असं तीन तुकडे करून वाचायचा, आणि तिला ते फार आवडायचं. ईशानी मोठी होत होती, डच बोलत होती, सायकलवर शाळेत जात होती. एकदा शाळेत वंशवृक्ष काढायला सांगितला तेव्हा तिनं विचारलं, “माम, तुझे आजोबा काय करायचे?” समता कणीक मळता मळता म्हणाली, “शेतकरी होते.” ईशानीनं चौकट काढून त्यात ट्रॅक्टर रंगवला. तो कागद दोन वर्षं फ्रिजवर होता.

आता गावच्या इतिहास मंडळाविषयी. मंडळ म्हणजे वजनघराच्या माडीवर शनिवारी दहा वाजता जमणारी सहा-सात पिकली डोकी. अध्यक्ष खेरिट, वय शहात्तर, निवृत्त भूगोल शिक्षक, उंच, ताठ, कॉर्डरॉयच्या पँटीतला. चिटणीस आन्स, जी बोललेला प्रत्येक शब्द टिपून ठेवायची आणि बिस्किटांचा डबाही तिच्याच ताब्यात असायचा. खेरिटनं १९८८ साली एल्सफोर्टचा इतिहास लिहिला होता, अठ्ठेचाळीस पानांची पुस्तिका. गावाला जे काही ठाऊक होतं ते त्या अठ्ठेचाळीस पानांतलं. त्यातही गावाचा लाडका माणूस एकच, तो म्हणजे वेशीवरचा पहारेकरी.

हा पहारेकरी चारशे वर्षांपूर्वी दक्षिणेच्या वेशीपाशी राहायचा. वेस राखायचा, आणि बाजाराच्या वाढदिवशी प्रत्येक घर त्याच्या लेकीच्या टोपलीत एक पाव टाकायचं. एवढं त्याच्यावर गावाचं प्रेम, असं खेरिटनं लिहिलं होतं. म्हणून दर सप्टेंबरच्या पहिल्या शनिवारी मिरवणूक निघे. पुढं पिसांची टोपी घातलेला, हातभर लांब किल्ली घेतलेला पहारेकरी, आणि मागून सोळा वर्षांची कुणीतरी मुलगी टोपली घेऊन चौकातल्या दारोदार. पहारेकरी कोण? एकतीस वर्षं खेरिटच. दहा वर्षांपासून गावचा बेकर त्या टोपीवर डोळा ठेवून होता, पण खेरिट काही ती सोडेना.

समता मंडळात कशी गेली? खेरिटच एके दिवशी दारात आला. साडेसहाशे वर्षं होणार होती, सन २०२५, खेमेंतेनं, म्हणजे इथल्या नगरपालिकेनं, मोठा सोहळा ठरवला होता, आणि जुने कागद संगणकावर चढवायचे होते. जुनं हस्ताक्षर वाचणारं सॉफ्टवेअर आलं होतं, पण ते चालवणार कोण? “तू तर त्यातलीच,” खेरिट म्हणाला. समताला हसू आलं. अकरा वर्षांत गावानं पहिल्यांदा तिच्याकडे काही मागितलं होतं, आणि तेही फुकट! पण ती गेली. खरं सांगायचं तर तिला बरं वाटलं.

मे महिन्यात तर आणखीच बरं वाटलं. टोपलीवाली मुलगी म्हणून ईशानीची निवड झाली. गाव स्वतःवर काय खूश झालं म्हणता! आमच्या मिरवणुकीत पहिल्यांदाच भारतीय मुलगी, बघा आम्ही किती उदार. फेसबुकवर अडीचशे अंगठे. समतानं त्यालाही नाक मुरडलं, पण आधी बुलढाण्याला आईला फोन लावला. “आई, आपली ईशी गावच्या मिरवणुकीत पुढं चालणार.” आई म्हणाली, “चांगलं झालं बाई. गावानं आपलं मानलं.” समतानं घरीच टोपलीला आतून शिवायला निळं कापड आणलं.

जुलैत बाजाराच्या नियमांची वही स्कॅन होऊन आली. १६४१ सालची. कोण कुठं बसणार, घोडे कुठं बांधणार, कुठल्या बाजूनं गाडी आत घ्यायची, असलं सगळं. सॉफ्टवेअर एकेक ओळ वाचत होतं, समता चुका दुरुस्त करत होती. सुट्टीचा दिवस, दुपारचे दोन, बाहेर शेजाऱ्याचं गवत कापायचं यंत्र भुणभुणत होतं. आणि ओळी आल्या.

‘दक्षिण वेशीवरच्या माणसानं गावात वा बाजारात मेलेलं जनावर सूर्य उगवण्याआधी ओढून न्यावं. कातडं त्याचं. बाजारात त्यानं घोड्यांच्याही पलीकडे, वाऱ्याच्या खालच्या बाजूस उभं राहावं. खानावळीत त्याचा पेला वेगळा, बाहेर खिळ्याला टांगलेला असावा. पंपाला त्यानं हात लावू नये. दुसऱ्यानं वरून पाणी ओतावं. मिरवणुकीत त्यानं सर्वांच्या मागं दहा पावलं चालावं. बाजाराच्या वाढदिवशी त्याच्या मुलीनं दारोदार यावं, उंबऱ्यास स्पर्श करू नये, पाव वरून टाकावा.’

समतानं ते एकदा वाचलं. मग उठून स्वयंपाकघरात गेली, नळाखाली पेला धरला, पाणी पेल्यातून वाहून जात राहिलं तरी ती तशीच उभी.

तिला शब्दकोश लागला नाही. आन्सला लागला असता, खेरिटला लागला असता, समताला नाही. वेशीवरचा पहारेकरी! अहो, तोच तर वेसकर. रात्रभर वेस राखायची आणि राखलेल्या वेशीच्या आत दिवसा पाय टाकायचा तर दबकत टाकायचा. मेलेलं ढोर ओढायचं, कातडं घ्यायचं, आणि सणाला दारोदार फिरून ‘भाकर वाढा माय’ म्हणायचं. हे सगळं तिला पाठ होतं, आणि तेही एकदाच ऐकून. अमरावतीला इंजिनिअरिंगला निघाली तेव्हा एसटी स्टँडवर तिच्या बाबांनी, पोस्टात कारकून होते ते, तिला बाकावर बसवून सांगितलं होतं. तुझे आजोबा वेसकर होते. छप्पनच्या ऑक्टोबरात नागपूरला गेले, बाबासाहेबांबरोबर दीक्षा घेतली, परत आले आणि ढोरं ओढायचा दोर गुंडाळून पाटलाच्या अंगणात नेऊन ठेवला. म्हणाले, हा तुमचा दोर, उद्यापासून तुमचं तुम्ही बघा. गावानं तीन महिने मीठ विकलं नाही. आजी अळणी भाकर खाऊन बाळंत झाली, तो मी, असं बाबा म्हणाले. मग एसटी आली. बाबांनी पुन्हा तो विषय काढला नाही, आणि समतानंही कधी विचारलं नाही.

आणि आता तिची लेक, त्या माणसाची पणती, सप्टेंबरच्या पहिल्या शनिवारी टोपली घेऊन दारोदार पाव मागत फिरणार होती. सगळ्या गावासमोर, टाळ्यांच्या गजरात! आणि टोपलीला आतून कापड शिवणारी कोण, तर समता. तिला आपल्याच हातांची शिसारी आली.

राजानंदला तिनं वही दाखवली. तो मातीचा अभ्यासक, शांत माणूस. वाचून झाल्यावर चष्मा पुसत बसला. “ईशीला म्हणावं, पोट दुखतंय सांग. जाऊ नको,” तो म्हणाला. “आणि पुढच्या वर्षी दुसऱ्याची पोरगी जाईल, तिचं काय?” समता म्हणाली. “ती काही वेसकराची पणती नसेल ना.” “म्हणून चालेल?” राजानंद म्हणाला, “समता, तू बोललीस तर ते विचारतील, तुला कसं ठाऊक. मग?” तिथंच सगळं अडलं होतं. याच एका प्रश्नापासून पळत ती इथवर आली होती. महिनाभर ती गप्प राहिली. ईशानी आरशासमोर टोपली घेऊन चालायचा सराव करत होती, आणि समता पाठ फिरवून भांडी घासत होती.

ऑगस्टच्या शेवटून दुसऱ्या शनिवारी मंडळाची बैठक होती. वजनघराच्या भिंतीवर पितळी शिल्प बसायचं होतं, टोपी-किल्लीसकट पहारेकरी. ओतायला देण्याआधी शेवटचं चित्र खेरिटनं टेबलावर पसरलं होतं. चेहरा थोडा त्याच्यासारखाच काढून घेतला होता पठ्ठ्यानं. कॉफी झाली, बिस्किटांचा डबा फिरला, झाकण बंद झालं. समतानं कागद काढला आणि त्या ओळी वाचल्या. एकही शब्द न गाळता.

आन्सचं पेन थांबलं.

“ते पान मी वाचलंय,” खेरिट म्हणाला. “फार वर्षांपूर्वी. ते स्वच्छतेचे नियम आहेत, समता. साथीचा काळ होता.”

“आमच्याकडेही स्वच्छतेचंच कारण सांगतात,” समता म्हणाली. “मग पुस्तिकेत का नाही घातलंत?”

“अठ्ठेचाळीस पानांत किती घालणार?”

“टोपीला दोन पानं दिलीत. ती टोपी या वहीत कुठंच नाही.”

खेरिटचे कान लाल झाले. “हे बघ, प्रत्येक घरानं त्याला पाव दिला, हे तर खरं ना? गावाचं त्याच्यावर प्रेम होतं.”

“वरून टाकला, खेरिट! त्याच्या पोरीचा हात उंबऱ्याला लागू नये म्हणून. असलं प्रेम मला चांगलं ठाऊक आहे.”

“तुला कसं ठाऊक?” खेरिट म्हणाला. त्याच्या आवाजात वाईटपणा नव्हता, त्याला खरंच कळत नव्हतं. “तू तर संगणकाची माणूस.”

आला तो प्रश्न. अकरा वर्षं जपलेलं घर, टपालवाल्याचं ते राम-टे-के, सगळं तिला दिसलं. मग तिनं हात टेबलावर ठेवले आणि सांगितलं. माझे आजोबा हेच होते. वेशीबाहेर राहायचे, मेलेली जनावरं ओढायचे, त्यांना पाणी वरून ओतायचे, माझी आजी दारोदार भाकरी मागायची. आणि दोन आठवड्यांनी माझी मुलगी तुमच्या चौकात तेच करणार आहे.

आन्स म्हणाली, “किती इंटरेस्टिंग!” आणि तिनं डब्याचं झाकण उघडून समतापुढं दुसरं बिस्किट केलं. अकरा वर्षांत पहिल्यांदा! समतानं ते बशीत तसंच ठेवलं.

“मग आम्ही काय करावं असं तुला वाटतं?” खेरिटनं विचारलं.

“त्याचं नाव लिहा,” समता म्हणाली. “दफनाच्या यादीत मी शोधलंय. याकोब. कुंपणाबाहेर पुरला, पण नाव आहे. भिंतीवर याकोब लिहा आणि खाली हे नियम लिहा. मिरवणूक काढा, जरूर काढा. पण तुम्ही पुढं चालू नका, सगळ्यांच्या मागं दहा पावलं चाला, टोपीशिवाय. मग कळेल गावाला कोण होता तो.”

“विचार करतो,” खेरिट म्हणाला. या देशात ‘विचार करतो’ म्हटलं की आपण जिन्याकडे वळायचं असतं. समता घरी आली. तिला वाटत होतं, आता ईशीला सांगू. पण ईशी मैत्रिणींबरोबर पोहायला गेली होती, मग रविवारी पाहुणे होते, मग सोमवारी ऑफिस. सांगायला एक चांगला निवांत वेळ हवा, असं ती स्वतःला बजावत राहिली.

पुढं काय झालं ते तिला नंतर बेकरच्या बायकोकडून कळलं. खेरिटनं खरंच विचार केला होता. त्यानं माणसं विचारून पाहिली. टोपीशिवाय, सगळ्यांच्या मागं दहा पावलं चालणारा पहारेकरी कोण होतो? तो स्वतः होईना, त्याचा गुडघा म्हणे दुखायला लागला. दहा वर्षं टोपीसाठी टपून बसलेल्या बेकरच्या पाठीत चमक भरली. शाळामास्तर गावाला जाणार होता. साडेसात हजारांत एक माणूस मिळाला नाही. आणि हेच लोक त्याच्यावर प्रेम करणारे!

बुधवारी दुपारी ईशानी शाळेतून आली. सायकल नेहमी भिंतीला टेकवून ठेवते, ती आज गवतातच आडवी टाकली. समता घरून काम करत होती. ईशानीनं फोन तिच्या लॅपटॉपवर ठेवला. मंडळाचं पत्र होतं, मिरवणुकीतल्या सगळ्यांना पाठवलेलं. आमच्या एक सदस्य समता रामटेके यांचे आजोबा भारतात मृत जनावरं वाहून नेण्याचं काम करत असत, त्यांच्या भावनांचा आदर म्हणून यंदापासून पहारेकरी आणि पावाची टोपली मिरवणुकीतून वगळण्यात येत आहे. वजनघरावरच्या पितळी शिल्पात पहारेकऱ्याऐवजी गाय असेल. समजून घेतल्याबद्दल आभार.

“गाय!” समता ओरडली. “मेल्यांनो, गाय? माणूस काढला आणि त्यानं ओढलेली गाय लावली भिंतीवर! नाव घालायचं तर राहिलंच, उरलासुरलाही पुसून टाकला. वर माझ्या भावनांचं नाव पुढं करून! थांब, मी आत्ता त्या खेरिटला—”

“माम.” ईशानी डचमध्ये बोलत होती, सावकाश. “फ्लोरनं मला वर्गात विचारलं, तुझे पणजोबा मेलेल्या गाई ओढायचे का. मी म्हटलं, नाही, ते शेतकरी होते. मग तिनं मला हे दाखवलं.”

समतानं फोन पालथा घातला.

“ट्रॅक्टर काढला होता मी,” ईशानी म्हणाली. “दोन वर्षं फ्रिजवर होता. तू रोज बघायचीस.”

“ईशी, मी तुला सांगणारच होते. तुला त्रास होऊ नये म्हणून...”

“त्यांनीही कुणाला त्रास होऊ नये म्हणूनच काढलंय.” पोरीचे डोळे भरले होते पण आवाज हलत नव्हता. “त्या याकोबचं नाव भिंतीवर लिहा म्हणून तू सगळ्या गावाशी भांडलीस. आणि आपल्या माणसाचं? आपल्या घरात कुठं लिहिलंय? मला तर त्यांचं नावही माहीत नाही.”

समताजवळ सगळ्या गावासाठी शब्द होते. खेरिटसाठी होते, मालिनीताईंसाठी होते, आन्सच्या डब्यासाठीसुद्धा होते. या पोरीला द्यायला एक शब्द सापडेना. अकरा वर्षं एल्सफोर्टला नाकं मुरडली, आणि एल्सफोर्टनं चारशे वर्षांत जे केलं तेच तिनं आपल्या स्वयंपाकघरात, कणीक मळता मळता केलं होतं. लाजेनं तिचे कान तापले.

“नाव काय होतं त्यांचं?” ईशानीनं विचारलं. आणि हे मराठीत विचारलं. कित्येक वर्षांत ती आपणहून मराठी बोलली नव्हती.

“उकंडा,” समता म्हणाली. तिच्या कॉलेजातल्या मैत्रिणींना, ऑफिसात, कुठंच तिनं हे नाव उच्चारलं नव्हतं. “उकंडा सखाराम वानखडे. उकंडा म्हणजे उकिरडा, कचऱ्याचा ढीग. आधीची मुलं जगली नव्हती. नाव असं वाईट ठेवलं की मूल जगतं, असं म्हणायचे तेव्हा.”

“मग जगले?”

“जगले. ऐंशी वर्षं.”

ईशानीनं ते नाव दोनदा म्हणून पाहिलं. मग टेबलावरचं पेन उचललं आणि संडासाच्या दाराकडे गेली. समता उठून तिच्या मागं धावली. “ईशी, अगं तिथं? आजोबांचं नाव संडासात?”

“माम, या देशात आपली म्हणून जी काही माणसं असतात, ती सगळी इथंच असतात.” तिनं कॅलेंडर खिळ्यावरून काढलं, दारातच मांडी घालून बसली आणि पानं उलटू लागली. “वाढदिवस कधी त्यांचा?”

“ठाऊक नाही. कुणी लिहून ठेवला नाही.”

“मग कुठं लिहू?”

समता दाराला टेकून उभी राहिली. “चौदा ऑक्टोबर,” ती म्हणाली.

“तेव्हा काय झालं?”

“सांगते,” समता म्हणाली आणि तिच्या शेजारी जमिनीवर बसली. चौदा तारखेच्या रांगेत आधीच फ्लोरचं नाव होतं. ईशानीनं त्याच्या शेजारी, उरलेल्या जागेत, अक्षरं लहान करून पूर्ण नाव लिहिलं आणि कॅलेंडर परत खिळ्याला अडकवलं.